म्हशीच्या मटणाच्या झणझणीत नूडल्स, गावच्या किराण्यात मिळते त्या सामानात

तालुक्याच्या बसस्टँडसमोर चायनीजची गाडी राहते ना, तिथं नूडल्स मागितल्या की पाच मिनिटांत प्लेट हातात येते, अन घरी करायला गेलं की तास जाते आणि वरून कढईत ओला गोळा होते, मटण दातानं तुटत नाही. मंग लोक म्हणतात गाडीवाला काहीतरी वेगळा मसाला टाकते. मसाला बिसाला काही नाही राजेहो. त्याचा जाळ मोठा राहते आणि त्याचं सगळं सामान कापून, उकडून, डब्ब्यात भरून आधीच तयार राहते, आपण मात्र तेल तापल्यावर कांदा सोलायला बसतो. म्हणून या लेखात मसाल्यापेक्षा कापण्यावर आणि जाळावरच जास्त लिहिलं आहे, वाचायला कंटाळा आला तरी तो भाग सोडू नका. तयारी झाली की गॅसवरचं काम दहा-बारा मिनिटांचं आहे, मटण फ्रिजरमधी ठेवायचा वेळ सोडून तयारीला पाऊण तास धरा, त्यातला अर्धा वेळ मटण नुसतं मुरत राहते.

आधी मटणाचं बोलू

ही चीज मुळात बीफची. चीनमधी, तैवानमधी, कोरियात गाईबैलाच्या मटणाच्या नूडल्स घरोघरी होतात. आपल्या महाराष्ट्रात गाईच्या कत्तलीवर आधीपासूनच बंदी होती, २०१५ पासून बैल आणि वळूही त्या कायद्यात आले, त्यामुळं इथं करायचं तर म्हशीचं, म्हणजे आपण ज्याले मोठ्याचं मटण म्हणतो ते. परवाना असलेल्या दुकानातूनच घ्या आणि पावती मागून घ्या, गावापर्यंत पिशवी घेऊन यायचं राहते, खिशात कागद असलेला बरा. आणि ज्याच्या घरी हे चालत नाही त्यानं बकऱ्याचं घ्यावं, कोंबडीचं घ्यावं, त्याचं काय बदलायचं ते खाली सांगतो, एकाच घरात दोन चुली मांडून भांडण लावायची काही गरज नाही.

म्हशीचं मटण रंगानं गडद, चरबी कमी आणि धागा जाड राहते. चरबी कमी म्हणजे पटकन कोरडं पडते, धागा जाड म्हणजे चुकीचं कापलं की चावून चावून जबडा दुखते. म्हणून दुकानात गेल्यावर नुसतं 'अर्धा किलो द्या' म्हणू नका, तो रश्शाचं हाडवालं मिक्स करून देते. अंडरकट मागा. पाठीच्या कण्याच्या आतल्या बाजूनं लांब पट्टी राहते, जनावर त्या भागाचा वापर कमी करते म्हणून ती सगळ्यात नरम. पण एका जनावरात ती थोडीच निघते आणि हॉटेलवाले सकाळीच उचलून नेतात, त्यामुळं नाहीच मिळाली तर मागच्या मांडीचं, बिनहाडाचं, एकसंध तुकडा मागायचा. तुकडा एकसंध पाहिजे हे दोनदा सांगा, काहून की दुकानदाराच्या हाताले सवय असते, तुम्ही पैसे काढेपर्यंत तो बोट्या करून मोकळा होते आणि बोट्यांचे नंतर पातळ काप होत नाहीत.

उन्हाळ्यात मटण सगळ्यात शेवटी घ्यायचं. बाजार करून, बियाण्याच्या दुकानात बसून, चहा पिऊन मंग गावाकडे निघायचं असेल तर मटण निघताना घ्या. आपल्या इकडे चाळीसच्या वर पारा जाते, तशा गरमीत कच्चं मटण तासाभराच्या वर पिशवीत ठेवू नये. घर लांब असेल तर स्टीलच्या डब्ब्यात घालून त्याच्याभोवती बर्फाची पिशवी ठेवा, मासोळीवाल्याकडे बर्फ मिळून जाते.

सामान, दोन-तीन जणांसाठी

बिनहाडाचं मटण पाव किलो. हक्का नूडल्सचं दीडशे ग्रॅमचं एक पाकीट. एक मोठा कांदा, एक सिमला मिरची, एक गाजर, मूठ-दीड मूठ पत्ताकोबी, कांद्याची पात असली तर चार-पाच काड्या. लसणाच्या दहा पाकळ्या, बोटाच्या पेराएवढं अद्रक. सुक्या लाल मिरच्या आठ. सोया सॉस, व्हिनेगर, कॉर्नफ्लोअर, खायचा सोडा, चमचाभर साखर नाहीतर गूळ, तेल, मीठ आणि वरून सांबार, म्हणजे कोथिंबीर, पुण्याकडच्या लोकांनी इडलीचं समजू नये.

दोन-तीन गोष्टी किराण्यात फसवतात त्या सांगतो. कॉर्नफ्लोअर म्हणजे पांढरं, बोटानं दाबलं की करकर वाजणारं पीठ. गिरणीतून दळून आणलेलं मक्याचं पिवळं पीठ वेगळं, ते लावलं तर मटणावर खरबरीत थर होते. कॉर्नफ्लोअर नसेल तर तांदळाचं बारीक पीठ चालते. दुसरं सोया सॉसचं. गावच्या दुकानात बहुतेक डार्क सोया सॉस राहते, ते रंगासाठी असते, काळंभोर, त्याचा एकच मोठा चमचा पुरते. लाईट मिळाला तर दोन मोठे चमचे. बाटलीवर वाचून घ्या. सोयाबीन आपल्या वावरात पिकते, क्विंटलनं विकतो, आणि त्याचंच गव्हासोबत महिनोन् महिने आंबवून केलेलं पाणी बाटलीत भरून शहरातून आपल्याकडे परत येते, हा एक वेगळाच तमाशा आहे, असो.

चमचे मोजताना मोठा म्हणजे पंधरा मिली आणि चहाचा म्हणजे पाच मिली असं धरलं आहे.

नूडल्स कोणत्या? मॅगीचं पाकीट चालते पण ते आधीच तळलेलं राहते, लवकर मऊ पडते, परतताना तुटते. हक्का नूडल्स जास्त सोशिक. आणि घरी उन्हाळ्यात केलेले सरगुंडे, म्हणजे गव्हाच्या पिठाच्या पोकळ शेवयांसारखा प्रकार, असतील डब्ब्यात तर ते रश्शावाल्या प्रकाराला एक नंबर लागतात, त्याचं पुढं येते.

कापणं

मटण धुवायचं असेल तर तुकडा अख्खा असतानाच धुवा आणि फडक्यानं कोरडा करा. मंग फ्रिजरमधी अर्धा-पाऊण तास ठेवून द्या, दगड होऊ द्यायचा नाही, फक्त कडक झाला पाहिजे. मऊ मटणावर सुरी घसरते आणि काप जाड-पातळ होतात, कडक झालं की कागदासारखे निघतात. लाईन गेलेली असली आणि फ्रिजर थंड नसला तर सुरी चांगली धार लावून घ्या आणि हळूहळू कापा, दुसरा उपाय नाही.

आता तुकडा पाटावर ठेवून नीट पाहा. त्यात एका दिशेनं धागे गेलेले दिसतात. सुरी त्या धाग्यांना आडवी चालवायची, म्हणजे धागे कापले गेले पाहिजेत. धाग्यासोबत उभी सुरी चालवली तर कापात लांबच्या लांब धागे तसेच राहतात आणि तोंडात दोरखंड आल्यागत होते, मंग किती का सोडा लावा. आडवं कापलं की प्रत्येक कापात धाग्याचे इतकुसे तुकडे उरतात, ते दातानं आपोआप सुटतात. मांडीच्या मटणात धाग्याची दिशा मधातच बदलते, तिथं पाट फिरवून घ्यायचा. जाडी दोन-तीन मिलिमीटर, म्हणजे जुन्या एक रुपयाच्या नाण्याहून थोडं जाड चालेल. पांढरी चिवट शिर दिसली तर काढून टाका, ती या दोन-तीन मिनिटांच्या परतण्यात कधीच शिजणार नाही.

विळीवर कापणाऱ्या बाया सुरीवाल्यांपेक्षा पातळ काप काढतात हे मी पाहिलं आहे, त्यामुळं हाताले जे सवयीचं ते घ्या.

मुरवणं

पाव किलो कापांना खायचा सोडा पाव चहाचा चमचा, दोन चमचे पाण्यात विरघळवून सगळीकडे चोळायचा आणि वीस मिनिटं ठेवायचं. सोड्यानं मटणाच्या वरच्या भागाची आम्लता कमी होते, मंग ताप लागल्यावर त्यातली प्रथिनं एकमेकांना तितकी घट्ट आवळत नाहीत, म्हणून आतलं पाणी आतच राहते आणि काप नरम राहतात. गाडीवाल्याचं जे गुपित म्हणतात ते हेच. वीस मिनिटं झाली की थंड पाण्यानं एकदा खळखळून धुवा, नाहीतर साबणासारखी चव येते, आणि हातानं दाबून पाणी पूर्ण काढा. पूर्ण म्हणजे पूर्ण. ओलं मटण तेलात पडलं की आधी त्याचं पाणी उकळते, भाजणं नंतर, तोपर्यंत ते वातड होऊन जाते.

कच्ची पपई लावायची का असं विचारतात लोक, आपल्या अंगणात झाड राहते म्हणून. लावता येते, पण इतक्या पातळ कापांना पपई जोरदार पडते, जास्त वेळ राहिली की मटणाचा पिठूळ लगदा होते. रश्शाच्या मोठ्या बोट्यांना पपई, पातळ कापांना सोडा, एवढं लक्षात ठेवा.

आता कोरड्या झालेल्या कापांना एक चहाचा चमचा सोया सॉस, जाडसर कुटलेली काळी मिरी, एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर आणि शेवटी एक चहाचा चमचा तेल लावून हातानं कालवा. तेल शेवटी, म्हणजे काप कढईत एकमेकांना चिकटत नाहीत. मीठ नको, सोया सॉसमधी मीठच मीठ आहे.

तिखट

इथं आपण चीनवाल्यांचं ऐकायचं नाही. सिचुआन प्रांतात जो तिखटपणा असते तो दोन गोष्टींचा, एक लाल मिरची आणि दुसरं तिथलं एक मिऱ्यासारखं फळ ज्यानं जीभ बधीर होते. आपल्याकडे कोकणात तिरफळ मिळते ते त्याचंच भावकीतलं, पण ते तिकडं मासोळीत टाकतात, आपल्या किराण्यात कुठून येणार. त्याच्या मागं लागू नका. आपल्याकडे सावजी आहे. नागपूरच्या हलबा कोष्टी लोकांच्या या मसाल्यात लवंग, काळी मिरी, दगडफूल यांचा जो जळजळीत उग्रपणा राहते तो या गडद मटणाले जसा बसते तसा बाटलीतला शेजवान सॉस काही बसत नाही, हे माझं ठाम मत आहे.

तर आठ मिरच्यांपैकी चार भिवापुरी घ्या आणि चार ब्याडगी. भिवापुरी म्हणजे नागपूर जिल्ह्यातल्या भिवापूरची, तिले जीआय म्हणजे भौगोलिक मानांकन मिळालेलं आहे, ती तिखटासाठी, ब्याडगी रंगासाठी. घरात लहान पोरं असतील तर भिवापुरी दोनच. देठ तोडून, बिया झटकून गरम पाण्यात पंधरा मिनिटं भिजवा. मंग लसूण, अद्रक, एक चहाचा चमचा व्हिनेगर टाकून वाटून घ्या, पाणी कमीत कमी, वाटण घट्ट पाहिजे. पाट्यावर वाटलं तर उत्तमच, मिक्सरच्या मोठ्या भांड्यात एवढुसं वाटण पात्याखाली फिरतच नाही, त्याच्यासाठी चटणीचं छोटं भांडं.

दुसरीकडे तव्यावर चार लवंगा, दहा काळी मिरी, कलमीचा म्हणजे दालचिनीचा छोटा तुकडा, दगडफुलाची एक पाकळी आणि एक मोठा चमचा धने मंद जाळावर भाजून कुटून ठेवा. यातला एकच चहाचा चमचा नूडल्समधी जाईल, उरलेला डब्बीत भरून ठेवा, वरणातही चांगला लागते. जास्त टाकायचा मोह होईल पण टाकू नका, नूडल्सले लपायला रस्सा नसते, मसाला जास्त झाला की खाताना घशाशी कडू येते.

एका वाटीत सॉस तयार करून ठेवा: सोया सॉस वर सांगितला तेवढा, साखर किंवा किसलेला गूळ एक चहाचा चमचा, व्हिनेगर एक चहाचा चमचा, चार मोठे चमचे पाणी आणि अर्धा चहाचा चमचा कॉर्नफ्लोअर. व्हिनेगर नसेल तर लिंबू, पण लिंबू उकळलं की कडवट होते, म्हणून ते गॅस बंद केल्यावरच पिळायचं.

नूडल्स उकडणं

मोठ्या गंजात, म्हणजे पातेल्यात, दोन लिटर पाणी खळखळ उकळू द्या, एक मोठा चमचा मीठ टाका. पाणी कमी घेतलं तर नूडल्सचं पीठ त्यातच घट्ट होते आणि सगळं चिकट. पाकिटावर जेवढी मिनिटं लिहिली आहेत त्याच्या एक मिनिट आधी काढायच्या, काहून की त्या कढईत पुन्हा शिजणार आहेत. एक काडी दातानं तोडून पाहा, मधात बारीकसा पांढरा ठिपका दिसला पाहिजे. लगेच चाळणीत ओता, वरून थंड पाणी, मंग चाळणी चांगली झटका आणि परातीत पसरवून एक चमचा तेल हातानं लावून घ्या. पसरवल्याशिवाय ठेवल्या तर स्वतःच्याच वाफेत फुगत राहतात. दहा-पंधरा मिनिटं पंख्याखाली वाळल्या तर आणखीच चांगलं, सकाळी उकडून संध्याकाळी वापरायच्या असतील तर झाकून फ्रिजमधी.

आता जाळ

इथून पुढं थांबायले वेळ नाही, म्हणून सगळं सामान कढईच्या उजव्या हाताले ओळीनं मांडा: मटण, वाटण, भाज्या, नूडल्स, सॉस, मसाला. भाज्या सगळ्या लांब आणि पातळ कापलेल्या, कांदा उभा. मोबाईल दुसऱ्या खोलीत.

कढई लोखंडी घ्या, भाकरीचा लोखंडी तवा खोलगट असेल तर तोही चालते. नॉनस्टिक नको, या तापाले त्याचा थर खराब होते. गॅसचा मोठा बर्नर पूर्ण मोठा. आणि ज्यांच्या घरी चूल आहे त्यांनी तर चुलीवरच करावं, आपल्या घरगुती गॅसपेक्षा चुलीचा भडका या कामाले चांगला, फक्त लाकूड कोणतं ते पाहा. बाभळीचं लाकूड हळू आणि बराच वेळ जळते, ते रश्शासाठी. नूडल्सले तुराट्या (तुरीच्या वाळल्या काड्या) किंवा पऱ्हाट्या (कापसाच्या काड्या) लावा, लगेच भडका होते, पण तितक्याच लवकर विझते, म्हणून एक माणूस चुलीपाशी फक्त तुराट्या सारायले पाहिजे. पोरांना ते काम लय आवडते, पण भडका मोठा राहते, लहान्याले देऊ नका.

कढई कोरडी तापवा, पाण्याचा थेंब टाकला की तो गोल होऊन पळाला पाहिजे. मंग दोन मोठे चमचे तेल. सोयाबीनचं रिफाइंड किंवा शेंगदाण्याचं, दोन्ही ताप सहन करतात. जवसाचं तेल सावजीत पूर्वी चालायचं पण या भडक्याले ते नको. तेलाची हलकी धुराची रेघ दिसली की मटणाचे अर्धे काप टाका आणि एकाच थरात पसरवा. अर्धेच. सगळे एकदम टाकले की कढईचा ताप एकदम पडते, मटण पाणी सोडते आणि त्या पाण्यात उकडायले लागते, रंग करडा होते, वातड होते, आणि मंग लोक म्हणतात मटणच खराब होतं. टाकल्यावर पाऊण मिनिट हात लावायचा नाही. हे कठीण जाते, सराटा, म्हणजे उलथणं, हातात असला की हलवावं वाटते, पण खालची बाजू तांबूस झाल्याशिवाय ते कढई सोडत नाही, झाली की आपोआप सुटते. मंग पलटा, आणखी मिनिटभर, एक जाडसर काप तोडून पाहा, आत लाल नसलं की ताटलीत काढा. पुन्हा तेल कडक तापवून उरलेले अर्धे.

त्याच कढईत आणखी दीड-दोन मोठे चमचे तेल आणि जाळ मध्यम करा. मिरचीचं वाटण मोठ्या जाळात टाकलं तर दहा सेकंदात काळं पडते, कडू होते आणि असा ठसका उठते की शेजारचे विचारायले येतात काय चाललं म्हणून. मध्यम जाळावर दीड-दोन मिनिटं, तेल लाल होऊन कडेनं सुटलं पाहिजे, हीच आपली तर्री. खिडकी उघडी ठेवा.

मंग जाळ पुन्हा पूर्ण मोठा. कांदा आणि गाजर, एक मिनिट. सिमला मिरची, पत्ताकोबी, एक मिनिट. भाज्या कच्च्या-पक्क्याच राहू द्या, त्यांचा कुरकुरीतपणा गेला तर ही भाजी झाली, नूडल्स नाही. आता नूडल्स टाका, वरून कुटलेला मसाला, सॉसची वाटी चमच्यानं ढवळून (कॉर्नफ्लोअर तळाशी बसलेलं राहते) कढईच्या कडेनं ओता, मधात नाही. कडेच्या तापल्या लोखंडावर सॉस पडला की चर्र होऊन थोडा जळते, गाडीवरचा जो वास येते तो त्याचाच. दोन सराटे किंवा एक सराटा आणि एक चिमटा घेऊन खालून वर उचलत राहा, गोल ढवळू नका, तुटतात. मिनिटभर झालं की मटण परत टाका, ताटलीत सुटलेल्या रसासहित, आणखी अर्धं मिनिट, चव पाहा, मीठ लागलंच तर आता. गॅस बंद. पात, सांबार, लिंबू.

लगेच वाढा. खाणारे आंघोळीले गेलेले असतील तर जाळ लावूच नका, ते परत येईपर्यंत थांबा, नूडल्स थांबत नाहीत.

माणसं जास्त असली तर

सहा जण असतील तर सामान दुप्पट करा पण कढई दुप्पट भरू नका, दोनदा करा. तयारी एकदाच होते, दुसरा घाणा दहा मिनिटांत निघते. पाहुणे वीस-पंचवीस असतील, पोळा-लग्नाच्या गडबडीत, तर या कोरड्या प्रकाराच्या नादी न लागता रश्शावाला करा.

रश्शावाला प्रकार असा. चीनच्या कान्सू प्रांतातल्या लांचौ शहरात हाताने ओढलेल्या नूडल्स बीफच्या साफ पाण्यासारख्या रश्शात देतात, तिथल्या हुई मुसलमानांची ती ओळख आहे. तैवानमधली लाल आणि तिखट राहते, १९४९ नंतर चीनमधून जे सैनिक आणि त्यांची घरची माणसं तिकडे गेली त्यांच्याकडून ती आली असं मानतात, त्यात बाकळा नावाच्या शेंगेचे दाणे मिरची घालून आंबवून केलेली चटणी पडते. आपण दुसरीच्या वाटेनं जायचं आणि चटणीच्या जागी आपलं वाटण. माप माणसांप्रमाणे वाढवा, इथं छोटं माप सांगतो: अर्धा किलो नळीचं हाडवालं मटण, कांदा, अद्रकाचा तुकडा, दोन लवंगा, सव्वा लिटर पाणी, कुकरमधी पहिली शिटी झाल्यावर मंद गॅसवर अर्धा तास. नळीच्या भागाले चिवट पडदे राहतात पण तेच शिजून रश्शाले चिकट गोडी देतात, इथं अंडरकट टाकणं म्हणजे पैसा वाया. दुसऱ्या भांड्यात तेलात वाटण परता, दोन भेदरं, म्हणजे टमाटे, बारीक चिरून, तेल सुटलं की सोया सॉस, कुटलेला मसाला आणि कुकरमधलं सगळं त्यात. रस्सा पातळ वाटला तर चमचाभर ज्वारीचं पीठ भाजून पाण्यात कालवून लावा. दहा मिनिटं उकळी. नूडल्स वेगळ्या उकडून ताटात आधी, वरून रस्सा. एकत्र उकळू नका, दुसऱ्यांदा वाढेपर्यंत रस्सा पिऊन बसतात.

सरगुंडे टाकायचे असतील ते इथं. त्यांना हक्का नूडल्सपेक्षा जास्त वेळ लागते, मिनिटं सांगता येत नाहीत, घरोघरी जाडी वेगळी, तुकडा तोडून मधात पांढरं दिसत नाही तोवर उकडा. मधात पोकळ असल्यानं रस्सा आत भरते. आंब्याच्या रसासोबत खाणारी आजी हे पाहून नाक मुरडेल, पण वाटीभर देऊन पाहा.

बकऱ्याचं, कोंबडीचं, आणि वड्या

बकऱ्याचं मटण पातळ कापून परतलं तरी वातड राहू शकते, जनावर मोठं असलं तर हमखास. त्यापेक्षा खिमा करून घ्या, एकदाच फिरवलेला, जाडसर. सोडा नको, कॉर्नफ्लोअर नको. कडक तापल्या तेलात पसरवून खालून तांबूस होऊ द्या, मंग फोडा, पाणी आटेपर्यंत आणि पूर्ण शिजेपर्यंत दहा-बारा मिनिटं परता, कच्चा अजिबात ठेवू नका. त्यातच वाटण टाका, पुढचं सगळं तसंच. बोट्याच पाहिजे असतील तर बिनहाडाच्या बोट्या कुकरमधी चार-पाच शिट्या करून, पाणी निथळून, मंग कढईत तांबूस करा, ते पाणी फेकू नका, सॉसमधी साध्या पाण्याच्या जागी वापरा.

कोंबडीच्या छातीचे काप घेतले तर सोडा चिमूटभरच आणि दहा मिनिटं. आणि घरात शाकाहारी असेल तर सोयाबीनच्या वड्या गरम पाण्यात भिजवून, दोनदा पिळून, वरचंच सोया सॉस-कॉर्नफ्लोअरचं कालवण लावून, पण त्याचा घाणा आधी, वेगळ्या कढईत. मटणाच्या कढईत नंतर वड्या टाकून 'यात काही नाही' म्हणू नका.

उरलं तर

कोरड्या नूडल्स थंड झाल्या की लगेच डब्ब्यात, फ्रिजमधी, दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत संपवा. फ्रिज नसेल किंवा लाईनचा भरवसा नसेल तर उरवूच नका, उन्हाळ्यात रात्रभर ओट्यावर राहिलेल्या मटणाच्या नूडल्स सकाळी तापवून खाण्यात काही शहाणपण नाही, वास आला नाही तरी. गरम करताना कढईत दोन चमचे पाणी शिंपडून मोठ्या जाळावर, खळखळ वाफ येईपर्यंत, सराटा हळू चालवा. सोया सॉस पुन्हा टाकू नका, फ्रिजमधी राहून खारट लागतेच, वाटलं तर थोडी पत्ताकोबी ताजी चिरून टाका, तिखट कमी वाटलं तर ठेचा बाजूले घ्या.